दोन नावांची माणसे : लुबेना हिमिद यांची चित्रसृष्टी

काळ्यांच्या लढ्याशी आपले नाते नवे नाही. १९४६ साली बाबासाहेबांनी डू बॉइस यांना पत्र लिहिले आणि अमेरिकेतील निग्रोंनी संयुक्त राष्ट्रसंघापुढे ठेवलेल्या अर्जाची प्रत मागवली. १९७२ साली मुंबईत दलित पँथर उभी राहिली ती ओकलंडच्या ब्लॅक पँथरचे नाव घेऊन. डॉ. जनार्दन वाघमारे यांनी निग्रो साहित्याची ओळख मराठी वाचकाला करून दिली. अशा रीतीने अमेरिकेतला काळा माणूस आपल्या वैचारिक घरातला झाला. पण त्यामुळे एक गोष्ट अशी घडली की काळा म्हटले की आपल्याला अमेरिकाच आठवते, ब्रिटन आठवत नाही. ज्या इंग्रजांनी आपल्यावर दीडशे वर्षे राज्य केले, त्यांच्याच देशात काळी माणसे आहेत, त्यांनाही एक इतिहास आहे, तो लपवण्यात आला आहे आणि तो उकरून काढणारे कलावंतही आहेत, याची नोंद आपल्याकडे फारशी झालेली नाही. लुबेना हिमिद या त्यांपैकी एक. त्यांचे काम चित्रांचे आहे, पण मला ते इतिहासलेखनाचे काम वाटते, आणि म्हणूनच या पानांवर त्यांच्याविषयी लिहायचे आहे.

हिमिद यांचा जन्म १९५४ सालचा, झांझिबारचा. झांझिबार हे पूर्व आफ्रिकेच्या किनाऱ्यावरचे बेट. तेथील गुलामांचा बाजार १८७३ साली बंद झाला, म्हणजे त्यांच्या जन्माआधी जेमतेम ऐंशी वर्षे. वडील कोमोरो बेटांकडचे, शिक्षक. मुलगी चार महिन्यांची असताना ते हिवतापाने गेले. आई इंग्रज, कापडावरच्या नक्षीची आरेखने करणारी. ती तान्ह्या मुलीला घेऊन मायदेशी परतली आणि मुलगी लंडनमध्ये वाढली. कापड, नक्षी आणि रंगांची संगती ही आईकडून आलेली शिदोरी हिमिद यांच्या चित्रांत शेवटपर्यंत दिसते. न आठवणारा बाप आणि न आठवणारी जन्मभूमी याही गोष्टी दिसतात, मात्र त्या रडगाण्याच्या रूपाने येत नाहीत.

विंबल्डनच्या कलाशाळेत त्यांनी चित्रकला घेतली नाही, नेपथ्य घेतले. १९७६ साली पदवी मिळाली. हे ध्यानात ठेवले पाहिजे, कारण त्यांच्या पुढील कामाची किल्ली येथे आहे. चौकटीत बसून भिंतीवर टांगले जाणारे चित्र त्यांना पुरेसे वाटले नाही. लाकडाच्या पातळ फळ्या माणसाच्या आकारात कापायच्या, त्या रंगवायच्या आणि जमिनीवर उभ्या करायच्या, म्हणजे पाहणारा माणूस त्यांच्यामधून चालू लागतो. तो प्रेक्षक राहत नाही, रंगमंचावर येतो. चित्रातल्या काळ्या माणसाला तो वरून खाली पाहू शकत नाही, दोघे एकाच जमिनीवर उभे असतात. उंचीचा हा प्रश्न किती मोठा आहे हे ज्याला पाटलाच्या ओट्याखाली उभे राहावे लागले त्याला सांगायला नको.

आता त्या काळाकडे पाहू. १९६८ साली इनॉक पॉवेल या खासदाराने बर्मिंगहॅम येथे काळ्या-तपकिरी लोकांच्या येण्याविरुद्ध विषारी भाषण केले. तो वुल्व्हरहॅम्प्टनचा प्रतिनिधी होता. १९७९ साली थॅचरबाई सत्तेवर आल्या. जानेवारी १९८१ मध्ये लंडनच्या न्यू क्रॉस भागात एका घराला आग लागून तेरा काळी तरुण मुले-मुली मेली आणि त्याच वर्षी एप्रिलमध्ये पोलिसांच्या जाचाला कंटाळून ब्रिक्स्टन पेटले. अशा वातावरणात पॉवेलच्याच वुल्व्हरहॅम्प्टनमध्ये, तेथील पॉलिटेक्निकमध्ये, ऑक्टोबर १९८२ मध्ये काळ्या कलावंतांचे पहिले राष्ट्रीय संमेलन भरले. एडी चेंबर्स, कीथ पायपर, डोनल्ड रॉडनी ही विशीतली पोरे. आमची कला ही कलेसाठी नाही, ती आमच्या माणसांसाठी आहे, असा त्यांचा पवित्रा. आपल्याकडील साठ-सत्तरच्या दशकांतल्या लघुनियतकालिकांच्या आणि दलित साहित्य संमेलनांच्या दिवसांची आठवण व्हावी असा तो सगळा मामला होता.

पण या संमेलनात आणखी एक गोष्ट घडली आणि ती आपण नीट समजून घेतली पाहिजे. क्लॉडेट जॉन्सन ही तरुण चित्रकर्ती काळ्या स्त्रियांच्या कलेविषयी बोलायला उभी राहिली. काळी स्त्री चित्रात कशी रंगवली जाते आणि कोण रंगवतो, हा तिचा मुद्दा. त्यावर वाद उसळला. सभा पुढे जाईना, तेव्हा स्त्रियांनी वेगळ्या खोलीत बसून चर्चा पूर्ण केली. हिमिद त्या संमेलनाला हजर होत्या. गोऱ्यांच्या कलादालनात काळ्यांना जागा नाही आणि काळ्यांच्या चळवळीत स्त्रियांना जागा अपुरी, हा दुहेरी अनुभव त्यांच्या पुढील दहा वर्षांच्या कामामागे आहे. आपल्याकडेही हेच झाले की नाही? दलित साहित्याच्या पहिल्या लाटेत आम्ही आईवर कविता लिहिल्या, पण आईची स्वतःची कविता किती छापली? १९८९ साली उर्मिला पवार आणि मीनाक्षी मून यांनी ‘आम्हीही इतिहास घडवला’ हे पुस्तक काढून आंबेडकरी चळवळीतल्या बायकांची नावे आणि कामे नोंदवली, तेव्हा कुठे आमच्या इतिहासाला पडलेले हे भगदाड दिसले.

हिमिद यांनी तक्रार करीत बसण्याऐवजी प्रदर्शने भरवायला घेतली. १९८३ साली लंडनच्या आफ्रिका सेंटरमध्ये ‘पाच काळ्या स्त्रिया’. त्याच वर्षाच्या अखेरीस बॅटरसी येथे पंधरा जणींचे दुसरे प्रदर्शन. याच काळात रॉयल कॉलेज ऑफ आर्टमध्ये सांस्कृतिक इतिहास हा विषय घेऊन त्या शिकत होत्या आणि प्रबंधाचा विषय होता ब्रिटनमधील तरुण काळे कलावंत. ज्यांच्यावर कोणी लिहीत नाही त्यांच्यावर आपणच लिहायचे, ज्यांना कोणी भिंत देत नाही त्यांना आपणच भिंत मिळवून द्यायची, आणि त्याच वेळी स्वतःचे चित्रही काढायचे. ही तिहेरी मेहनत चळवळीतल्या कार्यकर्त्याला ओळखीची वाटेल. संपादकही आपण, लेखकही आपण आणि पोस्टात अंक टाकायला जाणारेही आपणच!

१९८५ साली लंडनच्या इन्स्टिट्यूट ऑफ कंटेम्पररी आर्ट्‌स या नामवंत संस्थेत त्यांनी अकरा स्त्रियांचे प्रदर्शन भरवले. नाव होते ‘द थिन ब्लॅक लाइन’, म्हणजे बारीक काळी रेघ. संस्थेने जागा दिली, पण कोठे? मुख्य दालनात नव्हे. जिन्याकडे जाणाऱ्या बोळात, येण्याजाण्याच्या वाटेवर. नाव त्या जागेला अगदी शोभले. या अकरा जणींत सोनिया बॉइस होत्या, क्लॉडेट जॉन्सन होत्या, इन्ग्रिड पोलार्ड, व्हेरोनिका रायन, मॉड सल्टर होत्या, आणि दोघी भारतीय वंशाच्याही होत्या : चिला बर्मन व शांतिनिकेतनात जन्मलेल्या सुतपा बिस्वास. त्या काळात ब्रिटनमध्ये ‘ब्लॅक’ हा शब्द राजकीय अर्थाने वापरला जाई. साम्राज्याचा मार खाल्लेले सगळे ते काळे, मग ते जमैकाचे असोत की जालंधरचे. आपण ‘दलित’ या शब्दाला जो व्यापक अर्थ देऊ पाहिला, त्याच्या जवळचाच हा प्रयत्न.

या छत्रीविषयी मात्र एक शंका नोंदवतो. सुतपा बिस्वास यांनी त्या प्रदर्शनात कालीमातेच्या रूपातील गृहिणी मांडली होती. हातात सुरी, गळ्यात पुरुषांच्या मुंडक्यांची माळ. गोऱ्या पुरुषी जगाला तो सणसणीत जबाब होता यात वाद नाही. पण आपल्या वाचकाला देवीची मूर्ती पाहताच मुक्तीची आठवण होईलच असे नाही. ‘काळे’ या एका शब्दाखाली आशियातून गेलेली माणसे एकत्र आली, तेव्हा त्यांच्या पेटाऱ्यातून जातही गेली, आणि ती त्या छत्रीखाली कोणाला दिसली नाही. याचे पुढचे प्रकरण सर्वांना ठाऊक आहे. २०१३ साली ब्रिटिश संसदेने जातीवरून होणारा भेद समतेच्या कायद्यात आणण्याचे बंधन सरकारवर घातले आणि २०१८ साली सरकारने ते करणार नाही असे जाहीर करून टाकले. हा दोष हिमिद यांचा नव्हे. पण शोषितांच्या एकजुटीचे शब्द उसने घेताना त्यांच्या आत काय मावत नाही, हेही मोजून घ्यावे लागते.

याच सुमाराची त्यांची काही चित्रे पाहू. ‘फ्रीडम अँड चेंज’ हे १९८४ चे. पिकासोने १९२२ साली समुद्रकाठी धावणाऱ्या दोन स्त्रिया रंगवल्या होत्या. हिमिद यांनी त्या दोघी उचलल्या, काळ्या केल्या, गुलाबी कापडावर रंगवल्या आणि त्यांच्यापुढे फळीतून कापलेले कुत्रे धावायला सोडले. मागे वाळूत गळ्यापर्यंत गाडलेली गोऱ्या पुरुषांची डोकी. पिकासोने आफ्रिकेच्या मुखवट्यांवरून उचलायचे ते उचलले, त्याला आधुनिकता म्हणाले. आता आफ्रिकेची लेक पिकासोकडून उचलते. हे अनुकरण नव्हे, ही वसुली आहे. १९८५ च्या ‘द कॅरट पीस’मध्ये एकचाकी सायकलवर डोलणारा गोरा माणूस काठीला गाजर बांधून एका काळ्या बाईपुढे नाचवतो आहे. बाई मागे वळून पाहते खरी, पण तिचे दोन्ही हात आधीच भरलेले आहेत. तिच्या चेहऱ्यावर राग नाही. याला काय झाले आहे, एवढाच भाव. अनुदाने, समित्या, शोभेची एखादी जागा, ही गाजरे आपल्याकडे कोणत्या काठीला बांधून येतात हे मी सांगत नाही.

आणि १९८६ चे ‘अ फॅशनेबल मॅरेज’. अठराव्या शतकातील इंग्रज चित्रकार होगार्थ याने उमरावांच्या लग्नाची टिंगल करणारी चित्रमालिका काढली. तिच्यातल्या एका चित्रात सरदारीण सकाळी नटते आहे, प्रियकर तिच्याशी गुलुगुलू बोलतो आहे, गवई गातो आहे आणि एक काळा नोकर चॉकलेटचा पेला घेऊन उभा आहे. हिमिद यांनी हे सगळे दृश्य खोलीभर उभे केले. सरदारणीच्या जागी थॅचर, प्रियकराच्या जागी रेगन, आणि दुसऱ्या बाजूला कलाजगतातले टीकाकार आणि दलाल. होगार्थच्या काळ्या नोकराच्या जागी मात्र त्यांनी काळी चित्रकर्ती आणली. जो पेला देत होता तोच आता खोलीतला सर्वांत जागा माणूस झाला. इंग्रजी चित्रकलेच्या दालनांत असे काळे नोकर पुष्कळ आहेत. मालकिणीच्या गोरेपणाला उठाव यावा म्हणून कोपऱ्यात उभे केलेले, कधी गळ्यात चांदीची पट्टी घातलेले. चित्राखाली मालकिणीचे नाव असते, कुत्र्याचेही कधी असते, त्या मुलाचे नसते.

येथून आपण त्यांच्या सर्वांत मोठ्या कामाकडे येतो. २००४ साली न्यूकॅसलच्या हॅटन दालनात त्यांनी ‘नेमिंग द मनी’ मांडले. पुऱ्या उंचीची शंभर माणसे, फळीतून कापलेली, झगझगीत रंगांत रंगवलेली. युरोपच्या दरबारांत आणि हवेल्यांत आणलेले हे गुलाम-नोकर. दहा धंदे, प्रत्येकाचे दहा जण : ढोलकी वाजवणारे, कुत्री शिकवणारे, कुंभार, खेळणी करणारे, नकाशे काढणारे, तंतुवाद्य वाजवणारे, झाडपाल्याचे वैदू, नाचणारे, मोचीकाम करणारे आणि चित्रकार. प्रत्येकाच्या पाठीवर हिशेबाच्या वहीचा कागद चिकटवलेला आणि त्यावर पाच छोट्या ओळी. पहिलीत त्याचे स्वतःचे नाव. दुसरीत मालकाने ठेवलेले नाव. तिसरीत तो पूर्वी काय करीत असे, चौथीत आता त्याला काय करावे लागते, आणि पाचवीत जे त्याच्याकडून कोणालाच काढून घेता आले नाही ते. दालनात हीच वाक्ये आवाजातूनही ऐकू येतात. शंभर माणसांच्या घोळक्यातून चालताना पाठीमागून नावे कानावर पडत राहतात.

दोन नावे! गुलामाचे जहाज किनाऱ्याला लागले की पहिले काम नाव पुसण्याचे. मालकाच्या तोंडाला सोपे पडेल असे एक नाव ठेवायचे आणि वहीत त्याच्यापुढे रक्कम लिहायची. म्हणूनच प्रदर्शनाच्या नावात पैसा आला आहे. वहीत नाव मालाचे असते, माणसाचे नसते. आपल्या वाचकाला हा विषय परका वाटण्याचे कारण नाही. शूद्राचे नाव किळस येईल असे असावे, हा मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायातला नियम आहे. १९२७ साली महाडला जे जाळले त्यात हाही नियम जळाला. दगडू, धोंडू, कचरू ही नावे दृष्ट लागू नये म्हणून इतर घरांतही ठेवीत असत, हे मला मान्य आहे. परंतु नाव कोणतेही असो, सत्तर वर्षांच्या महाराला गावातले दहा वर्षांचे पोर नावाचा शेवट मोडून, एकेरीत हाक मारी. ते मोडलेले नाव म्हणजेच दुसरे नाव. घरात एक, चावडीवर दुसरे. धर्मांतरानंतर आमच्या घरांत सिद्धार्थ, राहुल, गौतम, सुजाता ही नावे एकाएकी का वाढली याचे उत्तर येथेच आहे. ती नावे ठेवणाऱ्या बापाला आपण काय करतो आहोत हे पक्के ठाऊक होते.

तरीही एक फरक आहे आणि तो पुसून टाकला तर तुलनाच खोटी पडेल. हिमिद यांच्या माणसांची तिसरी ओळ, पूर्वीच्या कामाची, ही त्यांच्या अभिमानाची ओळ आहे. कोणी वैदू होता, कोणी नकाशे काढी. ते कसब गुलामगिरीने तोडले, आणि चित्रकर्तीने ते परत जोडून दिले. आमच्याकडे उलटे झाले. आमच्याकडून काम तोडले नाही, ते आमच्या अंगाला चिकटवले. चामडे कमावण्याची विद्या, हलगीच्या कडाडण्याची विद्या, ही खरोखर विद्याच होती. पण ती पिढ्यान्‌पिढ्या लादली गेली आणि तिलाच विटाळ म्हटले गेले. म्हणून हलगी टाकून देणे हा आमच्या बापजाद्यांचा स्वाभिमान ठरला. आफ्रिकन माणूस ढोल परत मागतो तेव्हा तो मुक्त होतो, आणि आम्ही तो फेकला तेव्हा मुक्त झालो. आज आमची काही तरुण मुले पुन्हा हलगी हातात घेत आहेत, स्वतःच्या मर्जीने, तेव्हा हा प्रश्न नव्याने उभा राहतो. हिमिद यांच्या त्या दहा ढोलकीवाल्यांपुढे उभे राहून त्याचा विचार करता येईल.

वहीचा विषय निघालाच आहे तर एक हिशेब सांगून टाकतो. ब्रिटनने १८०७ साली गुलामांचा व्यापार बंद केला आणि १८३३ साली वसाहतींतली गुलामगिरी बंद करण्याचा कायदा केला. इंग्रज लोक याचा मोठा अभिमान बाळगतात. पण त्या कायद्याबरोबर दोन कोटी पौंडांची नुकसानभरपाई वाटली गेली. सरकारच्या त्या काळच्या वार्षिक खर्चाच्या ती सुमारे ४० टक्के होती. ती कोणाला मिळाली? गुलामांना नव्हे, मालकांना! त्यासाठी काढलेल्या कर्जाची अखेरची फेड २०१५ साली झाली. म्हणजे हिमिद यांच्यासारख्या, गुलामांच्या खंडातून आलेल्या लोकांनी भरलेल्या करातूनही मालकांच्या भरपाईचे कर्ज फिटत होते.

२००७ साली १८०७ च्या कायद्याला दोनशे वर्षे झाली. सरकारी थाटाचे उत्सव झाले, गोऱ्या उद्धारकांचे पुतळे पुसले गेले. हिमिद तोपर्यंत बरीच वर्षे लँकशायरमधील प्रेस्टनला राहून तेथील विद्यापीठात शिकवीत होत्या. जवळच लँकस्टर हे आज शांत दिसणारे गाव आहे, पण अठराव्या शतकात गुलामांच्या व्यापारात ते ब्रिटनमधले चौथ्या क्रमांकाचे बंदर होते. हिमिद यांनी जुन्या बाजारांतून ताटे, वाडगी, सुरया अशी शंभर भांडी गोळा केली आणि त्यांवरच रंगवले. कोठे आफ्रिकेतून आलेल्या नोकरांचे चेहरे, कोठे जहाजे आणि घरे, आणि कोठे व्यापार बंद होणार म्हणून पोटात ढवळून ओकणारे श्रीमंत. हा ‘लँकस्टरचा जेवणाचा संच’ त्यांनी तेथील एका जुन्या हवेलीच्या संग्रहालयात मांडला. पानावर कोण बसते आणि उष्टे कोण काढते, हा प्रश्न ज्यांच्या घरात पिढ्यान्‌पिढ्या शिजला त्यांना ताटावर काढलेल्या चेहऱ्याचा अर्थ वेगळा समजवावा लागत नाही.

लँकशायर म्हटले की कापूस आला. २००२ च्या ‘कॉटन डॉट कॉम’ या कामात त्यांनी मँचेस्टरच्या गिरणी कामगारांचा आणि अमेरिकेच्या दक्षिणेत कापूस वेचणाऱ्या गुलामांचा संवाद कल्पिला आहे. काळ्या-पांढऱ्या नक्ष्यांची पुष्कळ लहान लहान चित्रे, जणू दोन किनाऱ्यांच्या दरम्यान गेलेल्या चिठ्ठ्या. त्यामागे खरी घटना आहे. अमेरिकेत यादवी युद्ध पेटल्यावर कापूस येईना, लँकशायरच्या गिरण्या बंद पडल्या, कामगारांची उपासमार झाली. तरी ३१ डिसेंबर १८६२ रोजी मँचेस्टरच्या कामगारांनी सभा घेऊन लिंकनला पत्र पाठवले आणि गुलामगिरीविरुद्धच्या लढ्याला पाठिंबा दिला. लिंकननेही पुढच्या महिन्यात उत्तर धाडले. कामगार चळवळीच्या इतिहासातले हे खरोखर सोनेरी पान आहे.

पण याच कापसाचा एक धागा आपल्याकडे येतो. अमेरिकेचा कापूस थांबला तेव्हा खानदेश-वऱ्हाडचा कापूस मुंबई बंदरातून लिव्हरपूलकडे धावू लागला. त्या पैशावर मुंबई फुगली, १८६५ साली फुगा फुटला, आणि पुढे गिरण्यांचे शहर उभे राहिले. त्या गिरण्यांत अस्पृश्य कामगाराला विणाई खात्यात प्रवेश नव्हता, कारण धोट्यातला धागा तोंडाने ओढावा लागे आणि स्पृश्य कामगाराला तो उष्टा धागा चालत नसे. विणाई खात्याचा पगार जास्त होता. १९२८ च्या संपात बाबासाहेबांनी हा प्रश्न उपस्थित केला, तेव्हा कामगार एकजुटीचे गाणे गाणाऱ्या पुढाऱ्यांची पंचाईत झाली. हिमिद यांच्या चिठ्ठ्या मँचेस्टरहून दक्षिण कॅरोलायनाला पोहोचतात. परळच्या साचाखात्याच्या दाराशी आलेली चिठ्ठी अजून कोणी रंगवलेली नाही. आपल्या चित्रकारांपैकी कोणाला हा विषय सुचला तर!

त्यांच्या आणखी एका कामाचा उल्लेख केल्याशिवाय राहवत नाही. २००७ पासून सुमारे दहा वर्षे त्या ‘गार्डियन’ हे दैनिक घेऊन बसत. हे पुरोगामी पत्र. त्यात काळ्या माणसाचे छायाचित्र कोठे येते, शेजारी मथळा कसला आहे, हे पाहायचे. खेळाडूच्या हसऱ्या फोटोशेजारी खुनाचा मथळा, असे काही ना काही निघतेच. ते पान ठेवून, बाकीच्या जागेवर रंग आणि नक्षी भरून, हिमिद तो शेजार उघडा पाडीत. संपादक जाणूनबुजून करतो असे त्यांचे म्हणणे नाही. सवयीने होते, आणि सवयच धोक्याची. हे पत्र १८२१ साली मँचेस्टरच्या कापूस व्यापाऱ्यांच्या पैशावर निघाले होते. २०२३ साली पत्राच्या मालक विश्वस्तांनी संस्थापकांच्या गुलामगिरीशी असलेल्या संबंधाबद्दल जाहीर माफी मागितली.

आता मानसन्मानांविषयी. टर्नर पारितोषिकाला ५० वर्षांची वयोमर्यादा होती. ती २०१७ साली उठली आणि त्याच वर्षी ते हिमिद यांना मिळाले. वय ६३. हे पारितोषिक मिळवणारी ती पहिली काळी स्त्री. काम ऐंशीच्या दशकातले, दखल पस्तीस वर्षांनी! २०२१-२२ मध्ये टेट मॉडर्नने त्यांचे मोठे प्रदर्शन भरवले. बोळातल्या त्या अकरा जणींपैकी व्हेरोनिका रायन यांना २०२२ साली टर्नर मिळाले, आणि त्याच वर्षी व्हेनिसच्या बिएनालेत सोनिया बॉइस यांनी ब्रिटनसाठी सुवर्णसिंह जिंकला. २०२६ च्या बिएनालेसाठी ब्रिटनने हिमिद यांची निवड केली. ज्यांना मुख्य दालन नाकारले त्या आता देशाचे दालन सांभाळतात, असे वर्तमानपत्रे आनंदाने लिहितात. १९८९ साली रशीद अराईन यांनी हेवर्ड दालनात आफ्रिकी-आशियाई कलावंतांचे ‘द अदर स्टोरी’ हे ऐतिहासिक प्रदर्शन भरवले, तेव्हा २४ जणांत स्त्रिया चारच होत्या आणि हिमिद त्यांपैकी एक, ही गोष्ट मात्र ती वर्तमानपत्रे लिहीत नाहीत.

२०१० साली काळ्या स्त्रियांच्या कलेच्या सेवेबद्दल राणीने त्यांना एम.बी.ई. दिले आणि २०१८ साली सी.बी.ई. या दोन्ही किताबांच्या नावात ब्रिटिश साम्राज्य हा शब्द आहे. २००३ साली कवी बेंजामिन झेफानाया यांनी अशाच किताबाला याच शब्दासाठी नकार दिला होता. हिमिद यांनी स्वीकारला. मला झेफानाया यांचा नकार अधिक जवळचा वाटतो, हे लपवण्यात अर्थ नाही. नकार हा आमच्या साहित्याचा पहिला शब्द आहे. परंतु चाळीस वर्षे दुसऱ्या बायकांसाठी भिंती मागत फिरलेल्या स्त्रीला, दाराच्या आत पाय ठेवण्याची किंमत काय असते, हे माझ्यापेक्षा अधिक कळत असणार. बोळातले प्रदर्शन तिने घेतले नसते तर त्या अकरा जणींची आज नोंदही नसती. आणि शासकीय पुरस्कार घेणाऱ्या आमच्या लेखकांना प्रश्न विचारण्याचे आम्ही कधीच सोडून दिले आहे, तेव्हा तिच्यापुरता तो राखून ठेवणे बरे दिसणार नाही.

‘नेमिंग द मनी’तील शंभर माणसे त्यांनी लिव्हरपूलच्या आंतरराष्ट्रीय गुलामगिरी संग्रहालयाला देऊन टाकली. ज्या बंदरातून सर्वांत जास्त इंग्रजी जहाजे माणसे आणायला गेली, त्या बंदरात ती आपापली दोन्ही नावे घेऊन आता आहेत. प्रेस्टनला असताना त्यांनी आणखी एक काम शांतपणे चालवले होते. काळ्या कलावंतांच्या प्रदर्शनांच्या निमंत्रणपत्रिका, पुस्तिका, पत्रे, कात्रणे जमवून ठेवायची. कोणाला तेव्हा ती रद्दी वाटली असेल. २०११ साली टेट ब्रिटनने त्या बारीक काळ्या रेघेचे प्रदर्शन पुन्हा मांडले ते हिमिद यांच्याच हातून.

आणि २०२५ साली, पहिल्या प्रदर्शनाला चाळीस वर्षे झाली तेव्हा, लंडनच्या त्याच संस्थेत त्यांनी त्या अकराही जणींचे काम पुन्हा एकत्र लावले. या वेळी बोळात नव्हे, दालनांत. छायाचित्रकार ब्रेंडा अगार्ड २०१२ साली गेल्या होत्या. हिमिद यांच्याबरोबर दालन चालवणाऱ्या कवयित्री-चित्रकर्ती मॉड सल्टर २००८ साली, अठ्ठेचाळीसाव्या वर्षाच्या आत गेल्या होत्या. त्या दोघींचीही कामे, आपापल्या नावांनिशी, भिंतीवर होती.